कोंचा वेलास्को: टीव्हीच्या आधी आली, नेटफ्लिक्सपर्यंत टिकली

स्पेनमध्ये टीव्ही सुरू झाला २८ ऑक्टोबर १९५६ रोजी. कोंचा वेलास्को तेव्हा सतरा वर्षांचीही नव्हती, पण सिनेमात मात्र तिचं पाऊल पडलेलं होतं. त्यानंतर साठेक वर्षांनी, २०१७ मध्ये, नेटफ्लिक्सनं स्पेनमध्ये तयार केलेली आपली पहिली मालिका आणली, 'केबल गर्ल्स'. १९२८ च्या माद्रिदमधल्या टेलिफोन एक्स्चेंजची ती गोष्ट. त्यात कंपनीच्या मालक घराण्यातली करारी, कारस्थानी आई झाली होती कोंचा. वय वर्षं सत्त्याहत्तर.

आपल्याकडे स्पॅनिश अभिनेत्री म्हटलं की पेनेलोपे क्रूझचं नाव पुढे येतं आणि गाडी तिथेच थांबते. खुद्द स्पेनमध्ये मात्र आजीपासून नातीपर्यंत सगळ्यांना ठाऊक असलेली बाई म्हणजे कोंचा. ऐंशीहून अधिक चित्रपट, शिवाय नाटकं, संगीतिका, मालिका, गप्पांचे कार्यक्रम. यातलं काय सांगावं आणि काय सोडावं, असा प्रश्न पडावा इतकं तिच्या आयुष्यात भरलेलं आहे. तरी त्यातल्या चटकदार गोष्टी वेचून इथे मांडतो.

लष्करी बाप, शिक्षिका आई, नाचणारी लेक

जन्म २९ नोव्हेंबर १९३९, गाव वायादोलिद. स्पेनमधलं यादवी युद्ध संपून जेमतेम आठ महिने झाले होते. वडील सैन्यात, आई शिक्षिका. मोरोक्कोचा एक भाग तेव्हा स्पेनच्या ताब्यात होता, त्यामुळे बालपणाचा काही काळ लाराचे या बंदराच्या गावी गेला. दहाव्या वर्षाच्या सुमारास कुटुंब माद्रिदला आलं आणि मुलगी नाच शिकू लागली. शिस्तीच्या घरातली ही लेक आधी ऑपेराच्या नृत्यपथकात गेली, मग मानोलो काराकोल या नामांकित फ्लामेंको गायकाच्या कंपनीत, आणि तिथून सेलिया गामेसच्या रेव्ह्यूमध्ये. रेव्ह्यू म्हणजे गाणी, नाच, नकला आणि पिसांचे पोशाख असलेला रंगमंचावरचा सगळा धमाका. सेलिया मूळची ब्वेनोस आयरेसची, पण माद्रिदवर तिचं राज्य होतं. तिच्या मागे रांगेत नाचणाऱ्या मुलींमध्ये कोंचा उभी राहिली. हा तपशील लक्षात ठेवा, पुढे तो फार मोठा होतो.

डबे घेऊन निघालेल्या चौघी

१९५८ साली आलेल्या 'लास चिकास दे ला क्रूस रोखा' या रंगीत चित्रपटानं तिला नाव दिलं. रेडक्रॉससाठी निधी गोळा करायच्या दिवशी चार मुली डबे घेऊन माद्रिदच्या रस्त्यांवर निघतात, एवढीच कथा. चौघींतली गरीब वस्तीतली, फटकळ मुलगी कोंचा. लोकांना ती इतकी आवडली की निर्मात्यांनी पुढची काही वर्षं तिला त्याच साच्यात ओतलं: हसरी, चुणचुणीत, शेजारच्या घरातली पोर. जाहिरातीत नावसुद्धा लाडाचं, कोंचिता.

लगेच पुढच्या वर्षी 'एल दिया दे लोस एनामोरादोस' आला. त्यात खुद्द संत व्हॅलेंटाइन स्वर्गातून माद्रिदमध्ये उतरतो आणि भांडणाऱ्या जोडप्यांची गाडी रुळावर आणतो. आपल्याकडे व्हॅलेंटाइन डेवरून वाद झडू लागले त्याच्या कितीतरी आधीची ही गोष्ट, १९५९ ची.

त्याच साली आलेला 'लोस त्राम्पोसोस' म्हणजे 'भामटे'. यातला एक प्रसंग स्पेनमध्ये आजही सांगितला जातो. आतोचा रेल्वे स्टेशनबाहेर नट तोनी लेब्लांक भोळसट माणसाचं सोंग घेऊन उभा राहतो. त्याच्या पिशवीत नोटा आहेत, पण त्याला त्या रंगीत चित्रं वाटतात. गावाकडून आलेला एखादा लोभी प्रवासी ती 'चित्रं' स्वस्तात पटकावतो आणि नंतर उघडून पाहतो तर आत कागदाचे कपटे. ही फसवणूक स्पेनमध्ये खरोखर चालायची, चित्रपटानं ती अजरामर केली. भामट्याला सरळ मार्गावर यायला लावणारी प्रेयसी होती कोंचा. तोनी आणि कोंचा ही जोडी नंतर इतक्या वेळा एकत्र आली की प्रेक्षकांना ती घरचीच वाटू लागली.

बीटल्स गेले, कोंचा आली

२ जुलै १९६५ ला बीटल्स माद्रिदमध्ये गायले, तेही बैलांच्या झुंजीच्या मैदानात, लास व्हेंतासमध्ये. त्याच वर्षी 'इस्तोरियास दे ला तेलेविसियोन' पडद्यावर आला. दिग्दर्शक होसे लुईस साएन्स दे एरेदिया. याच माणसानं दहा वर्षांपूर्वी रेडिओवेड्या स्पेनवर चित्रपट काढला होता, आता पाळी टीव्हीवेड्या स्पेनची. त्यात तोनी लेब्लांक टीव्हीवरच्या स्पर्धांमागे धावत असतो आणि कोंचा पॉप गायिका व्हायला निघालेली असते. तिच्या तोंडी एक गाणं होतं, 'ला चिका ये-ये'. संगीतकार आउगुस्तो अल्गेरो.

ये-ये म्हणजे त्या काळची नवी, गिटारच्या तालावर डोलणारी तरुण पिढी. गाणं असं काही गाजलं की चित्रपट मागे पडला आणि गाणं एकट्यानं पुढे निघून गेलं. आजही स्पेनमधल्या लग्नात किंवा गावच्या जत्रेत ते वाजलं की साठीच्या बायका खुर्ची सोडून उठतात. गंमत पाहा: ती काही पेशानं गायिका नव्हती. नर्तिका होती, नटी होती. तरी त्या पिढीतल्या अनेक गायिकांच्या गाण्यांपेक्षा तिचं हे एक गाणं जास्त टिकलं.

दोन वर्षांनी मानोलो एस्कोबार या लोकप्रिय गायकाबरोबर एक चित्रपट आला, 'पेरो... एन के पाइस विविमोस?' म्हणजे 'अहो, आपण कोणत्या देशात राहतो?' पारंपरिक स्पॅनिश गाणं श्रेष्ठ की हे नवं पॉप, असा मुकाबला. पारंपरिक बाजूला मानोलो, नव्याच्या बाजूला अर्थातच कोंचा. ही जोडीही जमली आणि एकामागून एक चित्रपट निघाले. त्यांच्याविषयी अधिक सांगण्यासारखं फार नाही. पैसा आला, प्रसिद्धी आली, भूमिका त्याच त्या राहिल्या.

टीव्हीवरची दोन्या इनेस

या धामधुमीत १९६६ साली तिनं टीव्हीवर केलेलं एक काम मात्र वेगळं काढून सांगायला हवं. स्पेनमध्ये एक जुनी प्रथा आहे. १ नोव्हेंबरच्या सर्व संतांच्या सणाच्या आसपास 'दोन हुआन तेनोरियो' हे नाटक करायचं. लेखक होसे सोरिया, साल १८४४. बायकांना फशी पाडणारा दोन हुआन आणि त्याला शेवटी तारणारी कॉन्व्हेंटमधली निष्पाप मुलगी दोन्या इनेस. आपल्याकडे गणपतीत गावोगाव नाटकं होत, तसं हे त्यांचं हमखास नाटक. सरकारी टीव्हीच्या 'एस्तुदियो १' या नाट्यमालिकेत ते झालं तेव्हा दोन हुआन होता फ्रान्सिस्को राबाल, दिग्दर्शक बुन्युएलच्या चित्रपटांमधला कसलेला नट, आणि इनेस होती कोंचा. गिरक्या घेणाऱ्या ये-ये मुलीनं पांढरी ओढणी घेऊन पद्यातले संवाद म्हटले आणि सबंध देशानं ते पाहिले.

१९७४-७५: तिचा खरा मोहरा

माझ्या मते तिच्या कारकिर्दीतली सगळ्यात महत्त्वाची दोन वर्षं ही. हुकूमशहा फ्रँको जिवंत होता, सेन्सॉर जागा होता, आणि पस्तिशीतली कोंचा गोड मुलगी राहायला तयार नव्हती.

पेद्रो ओलेआच्या 'तोर्मेंतो'त (१९७४) तिनं रोसालिया केली. बेनितो पेरेस गाल्दोस या थोर कादंबरीकाराच्या कथेतली ही माद्रिदची मध्यमवर्गीय बाई: दिखाऊ, मत्सरी, वरून धर्मभीरू. नायिका होती आना बेलेन. पण चित्रपटाचा शेवटचा शब्द येतो कोंचाच्या तोंडून, आणि तो आहे एक सणसणीत शिवी. रेल्वे स्टेशनवर उभं राहून, संतापानं धुमसत, ती तो पुन्हा पुन्हा उच्चारते. पंधरा-सोळा वर्षं जिला लोकांनी लाडकी लेक मानलं, तिच्या तोंडून हे ऐकताना थिएटरातल्या प्रेक्षकांना काय वाटलं असेल! त्या एका शब्दात ढोंगी समाजाचं सगळं पितळ उघडं पडतं, आणि ते तिनं इतक्या ताकदीनं उघडं पाडलं आहे की आज पाहतानाही दचकायला होतं.

फेब्रुवारी १९७५ मध्ये स्पेनमधल्या नटनट्यांनी संप केला. हुकूमशाहीत संप म्हणजे तुरुंगाशी खेळ. माद्रिदची नाट्यगृहं बंद पडली, काही कलाकारांना अटकही झाली. संपात उतरलेल्यांमध्ये कोंचा होती. लष्करी अधिकाऱ्याची मुलगी, तिकीटबारीवरचं चलनी नाणं, आणि तरीही ती सहकलाकारांच्या बाजूनं उभी राहिली.

त्याच वर्षी पेद्रो ओलेआचाच 'पिम, पाम, पुम... फ्वेगो!' आला. पटकथेत राफाएल आस्कोना या बोचऱ्या लेखणीच्या लेखकाचा हात, म्हणजे बोच आली. चाळीसच्या दशकातलं माद्रिद, रेशनचा आणि काळ्या बाजाराचा काळ. पाका नावाची मुलगी घरी अपंग बाप सांभाळत रेव्ह्यूमध्ये काम शोधत असते. आगगाडीत भेटलेल्या एका फरारी बंडखोराला ती आसरा देते. दुसरीकडे काळ्या बाजारातला एक धनदांडगा तिला काम मिळवून देतो आणि त्याची किंमत वसूल करत राहतो. तो धनदांडगा म्हणजे फेर्नांदो फेर्नान गोमेस, तिथला अव्वल नट. आणि पाका ही रांगेत नाचणारी मुलगी! कोंचा स्वतः सेलिया गामेसच्या रांगेत उभी राहिलेली होती. विंगेतली थंडी, उसवलेले पोशाख, पुढच्या ओळीतल्या पुरुषांच्या नजरा, हे तिला कुणी शिकवायची गरज नव्हती. शेवट सांगत नाही. तो सांगू नये असाच आहे. यादवी युद्धात हरलेल्यांची बाजू फ्रँको हयात असताना पडद्यावर एवढी उघड मांडणारे चित्रपट फार थोडे.

लेखकच जेव्हा पडद्यावर येतो

१९८२ चा 'ला कोल्मेना' म्हणजे 'मधमाश्यांचं पोळं'. कामिलो होसे सेला यांची कादंबरी स्पेनच्या सेन्सॉरनं अडवल्यामुळे १९५१ साली आधी अर्जेंटिनात छापली गेली होती. मारियो कामुसनं त्यावर चित्रपट केला, त्यात पुरिता झाली कोंचा. चित्रपटानं १९८३ मध्ये बर्लिनचं सुवर्ण अस्वल विभागून जिंकलं. मजा म्हणजे कादंबरीकार सेला स्वतः चित्रपटात आहेत, नवे शब्द शोधून काढणाऱ्या एका वल्लीच्या भूमिकेत! सहा वर्षांनी त्यांना नोबेल मिळालं.

ये-ये मुलगी संत होते

आता तिच्या टीव्हीवरच्या शिखराकडे येऊ. १९८४ मध्ये सरकारी टीव्हीनं 'तेरेसा दे हेसुस' ही आठ भागांची मालिका दाखवली. ही आविलाची संत तेरेजा, वसई-गोव्याकडच्या ख्रिस्ती वाचकांना चांगली परिचित. कोलकात्याच्या मदर तेरेसा वेगळ्या, ही सोळाव्या शतकातली: जन्म १५१५, सतरा मठांची संस्थापक, थोर लेखिका. १९७० मध्ये पोपनं तिला चर्चची आचार्य ठरवलं. तोवर हा मान एकाही बाईला मिळाला नव्हता.

अशी संत कोण करणार? कोंचा वेलास्को! भुवया उंचावल्या नसत्या तरच नवल. पण दिग्दर्शिका होसेफिना मोलिना ठाम होती. सरकारी चित्रपटशाळेतून दिग्दर्शनाची पदवी घेणारी स्पेनमधली पहिली बाई ती. लेखनात तिच्या जोडीला कार्मेन मार्तिन गाइते ही नामवंत कादंबरीकार आणि वाङ्मयाचे अभ्यासक विक्तोर गार्सिया दे ला कोंचा. या तिघांनी तेरेसेला देव्हाऱ्यातून खाली उतरवलं. खेचरांच्या गाडीतून उन्हातान्हात फिरणारी, व्यवहारात पक्की, आजारानं कण्हणारी, हसणारी, चर्चमधल्या बड्या पुरुषांशी हुज्जत घालणारी बाई त्यांनी उभी केली. तिथे कोंचाचं सगळं आयुष्य कामी आलं. गावरान ठसका तिच्याकडे होता, विनोदाची जाण होती, आणि नर्तिकेचं शरीर होतं, त्यामुळे तेरेसेचं दुखणं आणि समाधी दोन्ही तिनं अंगातून दाखवलं. आजही स्पेनमध्ये अनेकांच्या मनात संत तेरेजेचा चेहरा म्हणजे कोंचाचा चेहरा.

तेरेसेविषयीच्या दोन गोष्टी इथे सांगितल्याशिवाय राहवत नाही. ती वारली ४ ऑक्टोबर १५८२ च्या रात्री, आणि दुसरा दिवस उजाडला तो १५ ऑक्टोबर! स्पेनमध्ये नेमक्या त्याच रात्री जुनी दिनदर्शिका जाऊन नवी ग्रेगोरियन आली, मधले दहा दिवस गाळले गेले. दुसरी गोष्ट जरा अंगावर येणारी. तेरेसेचा जतन केलेला एक हात यादवी युद्धात फ्रँकोच्या हाती लागला आणि मरेपर्यंत त्यानं तो जवळ बाळगला. त्याच्या मृत्यूनंतर तो हात रोंदाच्या मठात परत गेला. अशा मानवी तेरेसेची मालिका सरकारी टीव्हीवर दिसायला हुकूमशाही जावी लागली, यात आश्चर्य नाही.

झटपट काही

१९८६ मध्ये तिनं रंगमंचावर 'मामा, किएरो सेर आर्तिस्ता' ही संगीतिका केली. नावाचा अर्थ 'आई, मला कलाकार व्हायचंय'. नव्वदच्या दशकाच्या आरंभी खासगी वाहिन्या आल्या, तशी ती गप्पांच्या कार्यक्रमांची यजमानही झाली. एकाचं नावच 'क्वेरिदा कोंचा', म्हणजे 'प्रिय कोंचा'.

'एस्किलाचे' (१९८९) पुन्हा होसेफिना मोलिनाचा. १७६६ साली माद्रिदमध्ये दंगल उसळली ती एका मंत्र्यानं लांब झगे आणि रुंद टोप्या घालायला बंदी केली म्हणून! पोटात महागाईचा राग होताच, ठिणगी पडली टोपीवरून. मंत्री फेर्नांदो फेर्नान गोमेस, त्याची बायको कोंचा.

'पारिस-तोम्बुक्तू' (१९९९) हा लुईस गार्सिया बेर्लांगाचा अखेरचा पूर्ण लांबीचा चित्रपट, त्यातही कोंचा होती. बेर्लांगा आपल्या चित्रपटांत कुठेतरी 'ऑस्ट्रो-हंगेरियन' हा शब्द घुसवायचाच. आधी योगायोगानं झालं, मग शकुन म्हणून सवय लागली. पाहताना कान उघडे ठेवा.

भुताखेतांच्या चित्रपटांची आवड असणाऱ्यांनी स्पॅनिश 'रेक' (२००७) नक्की पाहिला असेल. इमारतीत अडकलेली ती टीव्ही वार्ताहर म्हणजे मानुएला वेलास्को, कोंचाची भाची. त्या भूमिकेसाठी तिला नवोदित अभिनेत्रीचा गोया हा चित्रपट पुरस्कार मिळाला.

गोयाचा हिशेब

गोया हे स्पेनचे राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार. कोंचाला नामांकनं मिळाली, पण स्पर्धेतला गोया एकदाही नाही. २०१३ मध्ये तिला सन्मानाचा गोया दिला गेला. हे पुरस्कार सुरूच झाले १९८७ मध्ये. 'तोर्मेंतो', 'पिम, पाम, पुम', 'ला कोल्मेना' सगळे त्याच्या आधीचे, त्यामुळे तिच्या ऐन बहरातल्या भूमिका या पुरस्कारांच्या वाट्याला आल्याच नाहीत. म्हणून पुरस्कारांच्या यादीवरून तिची उंची मोजू पाहणारा हमखास चुकतो.

सत्तरीनंतरची धडाडी

२०११ ते २०१३ या काळात 'ग्रँड हॉटेल' मालिका गाजली. विसाव्या शतकाच्या आरंभीचं आलिशान हॉटेल, खून, गुपितं. बाहेरच्या दृश्यांचं चित्रीकरण सान्तान्देरच्या माग्दालेना राजवाड्यात झालं. नोकरवर्गावर जरब ठेवणारी, पोटात मोठं गुपित घेऊन वावरणारी आन्खेला म्हणजे कोंचा. मोजकं बोलणं, ताठ मान, आणि डोळ्यांत सगळं. ज्यांनी मालिका पाहिली आहे त्यांना नायक-नायिकेइतकीच ती आठवत असेल.

त्याच सुमारास तिनं 'सिने दे बार्रियो' या शनिवार दुपारच्या जुन्या चित्रपटांच्या कार्यक्रमाचं निवेदन हाती घेतलं आणि २०२० पर्यंत केलं. म्हणजे विशीतले स्वतःचे चित्रपट सत्तरीतली कोंचा प्रेक्षकांना सांगत होती. सहकलाकारांपैकी कितीतरी जण तोवर गेले होते, त्यांच्या आठवणी सांगायला ती होती.

२०१४ मध्ये ती 'ओलिविया ई एउखेनियो' हे नाटक करत होती. कर्करोग झालेली आई आणि डाउन सिंड्रोम असलेला तिचा मुलगा, ही त्यातली दोन पात्रं. प्रयोग चालू असतानाच तिला स्वतःला लिम्फोमा असल्याचं निदान झालं. दौरा थांबला. उपचार झाले. आणि २०१६ मध्ये ती रंगमंचावर परतली ती एकपात्री 'रेइना हुआना' घेऊन. वेडी ठरवून सेहेचाळीस वर्षं डांबून ठेवलेल्या राणी हुआनाची ही कहाणी. राणीला डांबलं होतं तोर्देसियासला, कोंचाच्या वायादोलिद प्रांतातच. शहात्तरीत, आजारातून उठून, दुसरं पात्र नसलेला प्रयोग एकटीनं पेलायचा, याला काय म्हणावं!

शेवटचं नाटक तिच्या मुलानं, मानुएलनं, लिहिलेलं 'ला आबितासियोन दे मारिया'. घराबाहेर पाऊल टाकायला घाबरणाऱ्या वृद्ध लेखिकेची भूमिका. सप्टेंबर २०२१ मध्ये लोग्रोन्यो गावी तिनं रंगमंचाचा निरोप घेतला.

२ डिसेंबर २०२३ ला ती गेली. चौऱ्याऐंशी पूर्ण होऊन तीन दिवस झाले होते. माद्रिदच्या ला लातिना नाट्यगृहात लोकांनी अंत्यदर्शन घेतलं आणि मग तिला तिच्या गावी, वायादोलिदच्या नामवंतांसाठी राखलेल्या समाधिस्थळात नेलं. तिथे होसे सोरियाही आहे. तोच, ज्यानं दोन्या इनेस लिहिली.

कोंचाची ओळख करून घ्यायची असेल तर सुरुवात 'ग्रँड हॉटेल'पासून करा, ती सोपी आहे. मग यूट्यूबवर 'ला चिका ये-ये' ऐका. आणि 'पिम, पाम, पुम... फ्वेगो!' कुठे उपशीर्षकांसह हाती लागला तर बाकी सगळं बाजूला ठेवून तो आधी पाहा. तिचं सर्वोत्तम काम तेच आहे.